सुकटीचा भाव : ऊन, मीठ, सीमा आणि कागद

मागच्या दोन व्याख्यानांत आपण धान्य आणि कापड यांच्या किमतींचा इतिहास पाहिला. आज मासळीकडे वळायचं आहे, आणि तीही ताजी नव्हे, टिकवलेली. म्हणजे सुकवलेली, खारवलेली, डब्यात बंद केलेली. विषय जाहीर झाल्यावर एका जुन्या विद्यार्थ्यानं फोन करून विचारलं, "सर, तुम्ही आयुष्यभर कान्ट शिकवलात, आता सुकट?" मी म्हटलं, अरे, कान्ट चाळीस वर्षं शिकवला, सुकट त्याआधीपासून खातोय. तेव्हा अधिकार कशाचा जास्त, ते तूच ठरव.

माझं बालपण बदलापुरात गेलं. साठच्या दशकाची सुरुवात. तेव्हाचं बदलापूर म्हणजे स्टेशन, भाताची खाचरं, उल्हास नदी आणि पावसाळ्यात चार महिने चिखल. मे महिन्यात आई पावसाळ्याची बेगमी करायची. पापड, कुरडया, लोणचं, कांदे आणि पत्र्याच्या डब्यात सुकी मासळी. जवळा मापानं यायचा, बोंबील शेकड्यावर, खारा बांगडा नगावर. किनाऱ्याकडून पाट्या घेऊन बाया यायच्या. एका वर्षी आईनं बोंबलाचा भाव ऐकून तोंड वाकडं केलं. म्हणाली, "ओला बोंबील इतका स्वस्त असतो, वाळला की एवढा कसा चढतो?" ती बाई हसली आणि म्हणाली, "बाय, मी पानी नाय इकत."

हे वाक्य माझ्या डोक्यात राहिलं. पुढे तत्त्वज्ञान शिकताना ॲरिस्टॉटल वाचला. 'पॉलिटिक्स'च्या पहिल्याच भागात तो जोड्याचं उदाहरण देतो. जोडा पायात घालता येतो आणि बदल्यात देताही येतो, असे एकाच वस्तूचे दोन उपयोग आहेत. मला तेव्हा त्या बाईची पाटी आठवली. वस्तूची किंमत वस्तूत असते की वस्तूभोवती असते? आजचं व्याख्यान एवढ्याच प्रश्नाबद्दल आहे. टिकवलेल्या मासळीच्या भावात मासा किती, ऊन किती, मीठ किती, सीमेवरचा कर किती आणि कागद किती, हे आपण उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूर या आपल्या पट्ट्यात उभं राहून पाहू.

पाण्याचा हिशेब

आधी त्या बाईचा हिशेब. ताज्या बोंबलात शंभरात नव्वदच्या आसपास पाणी असतं. म्हणजे दहा किलो ओल्या बोंबलात नऊ किलो पाणी आणि एक किलो मासा. वाळल्यावरही थोडा ओलावा उरतो. तो पंधरा टक्के धरला, तर एक किलो सुक्या बोंबलासाठी साधारण साडेआठ किलो ओला बोंबील लागतो. तेव्हा ओला बोंबील समजा शंभर रुपये किलो असेल, तर सुका साडेआठशेला विकूनही त्या बाईला मेहनतीचा एक पैसा सुटत नाही. हे आकडे मी उदाहरणादाखल घेतले, बाजारभाव म्हणून लिहून घेऊ नका. पण प्रमाण लक्षात ठेवा.

बोंबील सुकवायची रीत आपल्यापैकी अनेकांनी पाहिली असेल. बांबूच्या वलांड्या उभारायच्या, दोन बोंबलांचे जबडे एकमेकांत अडकवायचे आणि जोडी दोरीवर टांगायची. ह्यात मीठ लागत नाही. ऊन, वारा आणि राखण लागते. कावळे, घारी, मांजरं, अवेळी आलेला ढग, सगळ्यांवर नजर ठेवायची. हे काम बहुतेक बायका करतात आणि त्याची मजुरी हिशेबात क्वचितच धरली जाते, कारण ते घरचं काम समजलं जातं.

बांगडा, सुरमई, मुशी यांची गोष्ट वेगळी. मांसल मासा नुसत्या उन्हानं आतपर्यंत सुकत नाही, त्याला मीठ लागतं. तेव्हा टिकवलेल्या मासळीची दोन घराणी आहेत: एक उन्हाचं, एक मिठाचं. हा फरक नीट ध्यानात ठेवा, कारण पुढे त्यावर इतिहास उभा आहे.

तीन सहांश

सुक्या मासळीवरचा कर किती जुना? कौटिल्याच्या अर्थशास्त्राची पोथी आर. शामशास्त्री यांच्या हाती १९०५ मध्ये लागली आणि १९०९ मध्ये त्यांनी ती छापली. त्यात शुल्क, म्हणजे जकात, या विषयावर स्वतंत्र प्रकरण आहे. बाहेरून येणाऱ्या मालावर किमतीचा पाचवा हिस्सा घ्यावा, हा सर्वसाधारण नियम. मग मालागणिक दर दिले आहेत. फुलं, फळं, भाज्या, कंद, बिया यांच्याच रांगेत शुष्कमत्स्य, म्हणजे सुकी मासळी आहे. दर सहावा हिस्सा.

आणखी दोन ठिकाणी हाच सहांश भेटतो. बाहेरून आलेल्या मिठावर राजाचा सहावा हिस्सा. आणि मासेमारांनी नौकेच्या भाड्यापोटी द्यायचा तोही सहावा हिस्सा. हे तिन्ही एकाच माशावर लागत असतील असं नाही. पण राज्यव्यवस्थेला एक गोष्ट पक्की कळलेली दिसते. ताजा मासा संध्याकाळपर्यंत खपला नाही तर नासतो, त्याच्यामागे कर घ्यायला किती धावणार? सुका मासा मात्र पोत्यात बसतो, बैलाच्या पाठीवर चढतो, नाक्यावरून जातो. वस्तू टिकाऊ झाली की ती लांबच्या व्यापारात शिरते आणि व्यापारात शिरली की राज्याच्या नजरेत येते.

आपण बसलो आहोत तो भाग या व्यापाराच्या अगदी वाटेवर आहे. इसवी सनाच्या पहिल्या शतकातलं 'पेरिप्लस' हे ग्रीक भाषेतलं दर्यावर्दी टिपण कल्याणचा उल्लेख करतं आणि सांगतं की पूर्वी इथं रीतसर व्यापार चाले, पण नंतर सत्ता बदलल्यावर इथला व्यापार अडवला गेला आणि चुकून आलेली ग्रीक जहाजं पहाऱ्यात भडोचकडे नेली जात. पाहा, आपल्या परिसराबद्दलच्या सर्वांत जुन्या नोंदींपैकी एक नोंद व्यापारबंदीची आहे! अंबरनाथचं शिवमंदिर शके ९८२ चं, म्हणजे १०६० चं, शिलाहारांच्या काळातलं. तेव्हाही किनारा खाली, घाट वर आणि मध्ये आपण, हीच रचना होती. किनाऱ्याचं मीठ आणि सुकी मासळी बैलांच्या तांड्यांनी घाटावर जायची, घाटावरचं धान्य खाली यायचं. मग रेल्वे आली. मुंबई-ठाणे १८५३, कल्याण १८५४, आणि १२ मे १८५६ रोजी गाडी कल्याणहून पळसदरीमार्गे खोपोलीपर्यंत धावली. अंबरनाथ आणि बदलापूर याच मार्गावर. बैलाचे दिवस तासांवर आले.

इथं एक गंमत सांगतो. बोंबलाला इंग्रज 'बॉम्बे डक' म्हणत. सुक्या बोंबलाचा वास डाकगाडीला यायचा, म्हणून 'बॉम्बे डाक' आणि त्याचं 'डक' झालं, अशी कथा आहे. छान आहे, पण खोटी आहे. हे नाव एकोणिसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकातल्या छापील इंग्रजी मजकुरात सापडतं आणि गाडी १८५३ ची. कारणाआधी कार्य घडत नाही, एवढं तर्कशास्त्र मला अजून आठवतं. त्याहून महत्त्वाची नोंद जॉन फ्रायर या इंग्रज डॉक्टरची आहे. सतराव्या शतकाच्या सत्तरीत तो मुंबईत आला. माझगाव हे बोंबलासाठी ओळखलं जाणारं कोळ्यांचं गाव आहे आणि हा मासा गोरगरिबांचा आधार आहे, अशा अर्थाची नोंद त्यानं केली. हा 'गोरगरिबांचा आधार' लक्षात ठेवा. शेवटी आपल्याला तिथंच परतायचं आहे.

मिठाची भिंत

आता मिठाचं घराणं. कंपनी सरकारनं १८३७ मध्ये मुंबई इलाख्यात मिठावर मणाला आठ आणे कर बसवला. १८४४ मध्ये तो एक रुपया करू गेले, तेव्हा सुरतेत दंगे झाले आणि थोडी माघार घ्यावी लागली. नंतर दर चढतच गेला. १८८२ मध्ये मणाला दोन रुपये, १८८८ मध्ये अडीच रुपये.

मासळीवर याचा परिणाम किती? आपणच मांडू. खारवायला साधारण तीन भाग माशाला एक भाग मीठ लागतं, असं धरू. म्हणजे एक मण मासा खारवायला मणाचा तिसरा हिस्सा मीठ. १८८८ च्या दरानं त्या मिठावरचा नुसता कर होतो तेरा आणे चार पै. मीठ पिकवायचा खर्च त्याच्या तुलनेत किरकोळ होता. आणि मासा? हंगामात जाळी भरून आली की किनाऱ्यावर बांगड्याला मातीमोल भाव. म्हणजे खाऱ्या बांगड्याच्या किमतीत बांगडा थोडा आणि सरकार जास्त, अशी स्थिती येऊ शकत होती.

हे कुणाच्या लक्षात आलं नाही असं नाही. फ्रान्सिस डे हा मूळचा लष्करी डॉक्टर, पुढे मत्स्यशास्त्राचा मोठा अभ्यासक. १८७३ मध्ये त्यानं भारत आणि ब्रह्मदेशातल्या सागरी मासेमारीवर सरकारला अहवाल दिला. मिठाच्या करामुळे मासळी टिकवण्याचा धंदा मारला जातो, हा त्याचा मुख्य मुद्दा. त्यातून मद्रास इलाख्यात आणि पुढे मुंबई इलाख्याच्या दक्षिण किनाऱ्यावर सरकारी मासळी-खारवण आवारं निघाली. कुंपणाच्या आत स्वस्त मीठ, कुंपणाच्या बाहेर महाग. मासा तोच, समुद्र तोच, फरक कुंपणाचा.

त्यात गोवा शेजारी. पोर्तुगीज हद्दीतलं मीठ स्वस्त. ते इकडे शिरू नये म्हणून इंग्रजांनी १८७८ मध्ये पोर्तुगालशी करार केला आणि गोव्याच्या मिठागरांवरच ताबा मिळवला. १८९२ मध्ये तो करार संपला. एका परक्या राज्याचं मीठ अडवण्यासाठी आंतरराष्ट्रीय करार! यावरून मिठातलं उत्पन्न किती मोठं होतं ते कळेल.

आता मघाचा फरक आठवा. बोंबील आणि जवळा मिठावाचून सुकतात. त्यांना हा कर थेट लागत नव्हता. माझा तर्क असा की गरिबाच्या ताटात उन्हाचं घराणं टिकून राहिलं याचं एक कारण हेही असावं. ऊन मोजून कर लावणारा कारकून अजून जन्मला नव्हता. तर्क म्हणूनच सांगतो, पुरावा म्हणून नाही.

१९३० मध्ये दांडी झाली, आपल्याकडे शिरोड्याला मिठाचा सत्याग्रह झाला. शाळेत आपण मीठ हे प्रतीक म्हणून शिकतो. कोळ्याच्या आणि खारवणाऱ्या बाईच्या दृष्टीनं ते प्रतीक नव्हतं, कच्चा माल होता. कर अखेर उठला तो १ एप्रिल १९४७ ला.

२९ फेब्रुवारी आणि १ मार्च

मिठावरची भिंत पडली त्याला अकरा महिने झाले आणि दुसरी भिंत उभी राहिली. आता उल्हासनगरकडे येऊ.

दुसऱ्या महायुद्धात कल्याणजवळ ब्रिटिशांनी मोठी लष्करी छावणी उभारली. तेव्हाच्या ब्रिटिश फौजेच्या शिध्यात डबाबंद मांस-मासळी असे. म्हणजे एकाच वाल्धुनी नदीच्या काठी एकीकडे सातासमुद्रापलीकडून आलेला डबा आणि दुसरीकडे गावकऱ्याच्या चुलीवर जवळा. दोन्ही टिकवलेले पदार्थच. युद्ध संपलं, बराकी रिकाम्या झाल्या आणि फाळणीनंतर त्याच बराकींत सुमारे एक लाख सिंधी निर्वासित आले. ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर-जनरल चक्रवर्ती राजगोपालाचारी यांच्या हस्ते कोनशिला बसली आणि कल्याण कॅम्पचं उल्हासनगर झालं. लोक मात्र आजही एक नंबर, तीन नंबर, पाच नंबर असंच कॅम्पच्या आकड्यांनी बोलतात.

सिंधी लोकांचं माशाशी नातं जुनं आहे. झुलेलालची तसबीर पाहा, तो माशावर बसलेला असतो. तो सिंधू नदीचा पल्लो, बंगाल्यांचा इलिश. आणि सिंध आपल्याला परकं कधी होतं? १ एप्रिल १९३६ पर्यंत तो मुंबई इलाख्याचाच भाग होता. कराची आणि मुंबई एकाच इलाख्यातली दोन बंदरं.

फाळणीनंतर काही महिने दोन्ही देशांनी जकातीच्या बाबतीत जैसे थे ठेवलं. ती मुदत १९४८ च्या फेब्रुवारीअखेर संपली. लीप वर्ष होतं. २९ फेब्रुवारीला कराचीहून मुंबईला निघालेलं पोतं, त्यात खारा मासा असो की खारीक, देशांतर्गत माल होतं. १ मार्चपासून पाकिस्तान जकातीच्या दृष्टीनं परदेश ठरला, आणि तेच पोतं आयात झालं. माशात काय बदललं? काहीच नाही. तत्त्वज्ञानाच्या वर्गात मी हे उदाहरण वर्षानुवर्षं देत आलो. 'आयात' हा वस्तूचा गुणधर्म नाही. तो रेषेनं वस्तूला दिलेला शेरा आहे.

पुढची गोष्ट चलनाची. सप्टेंबर १९४९ मध्ये पौंडाबरोबर भारतानं रुपयाचं अवमूल्यन केलं, पाकिस्ताननं केलं नाही. कालपर्यंत रुपयाला रुपया होता, आता त्यांच्या शंभर रुपयांच्या मालाला आपले एकशे चव्वेचाळीस मोजायची वेळ आली. भारतानं तो दर मानायला नकार दिला आणि दोन्ही देशांतला व्यापार जवळजवळ ठप्प झाला. १९५१ च्या फेब्रुवारीत करार होईपर्यंत हे चाललं. म्हणजे आयात मालाची किंमत ठरवणाऱ्या गोष्टींत आता दोन नव्या गोष्टी आल्या, जकात आणि चलनाचा दर. पुढे १९६५ च्या युद्धानं व्यापार पुन्हा तुटला. २०१९ मध्ये पाकिस्तानी मालावर २०० टक्के शुल्क लागलं आणि मे २०२५ मध्ये आयात पूर्ण बंद झाली. पेरिप्लसमधली पहाऱ्यात नेलेली जहाजं आठवतात की नाही?

माझ्या एका विद्यार्थ्याचे आजोबा चार नंबरमध्ये राहायचे. फाळणीच्या वेळी ते चौदा वर्षांचे होते. मी त्यांना एकदा विचारलं, तिकडे मासा स्वस्त होता का हो? ते बराच वेळ गप्प राहिले आणि मग म्हणाले, "साहेब, तिकडे भाव मला ठाऊकच नव्हता. बाबा आणायचे. इथं आल्यावर बाजारात मी जायला लागलो, तेव्हा भाव कळला." अर्थशास्त्राच्या कुठल्याही पुस्तकात मला निर्वासितपणाची याहून नेमकी व्याख्या सापडलेली नाही.

परवाना, आकडा आणि लेबल

स्वातंत्र्यानंतर चाळीसेक वर्षं उपभोगाच्या वस्तूंच्या आयातीवर कडक परवाना होता. परदेशी डबाबंद मासा ही सामान्य माणसासाठी ऐकीव गोष्ट. त्याच काळात उल्हासनगरचा तो प्रसिद्ध विनोद जन्मला. 'मेड इन यूएसए' म्हणजे उल्हासनगर सिंधी असोसिएशन! आपण हसतो, पण विनोदात मोठा अर्थ आहे. आयातीवर बंदी असली की 'आयात' हा शब्दच महाग होतो, आणि हातात काही नसताना शून्यातून कारखाने उभे करणारे लोक तो शब्द इथंच तयार करतात. १ एप्रिल २००१ ला उरलेल्या ७१५ वस्तूंवरची संख्यात्मक आयातबंधनं उठली. मग अंबरनाथ-बदलापूरच्या दुकानांतही परदेशी ट्यूना आणि सार्डिनचे डबे दिसू लागले.

आज जगभर मालाला आकड्यांनी ओळखतात. १९८८ पासून अंमलात आलेल्या जागतिक वर्गीकरणात सुकी, खारवलेली आणि धुरावलेली मासळी ०३०५ या शीर्षकाखाली येते. शिजवून डब्यात भरलेली १६०४ खाली. आपल्याकडे सुक्या मासळीच्या आयातीवर मूळ सीमाशुल्क ३० टक्के आहे; करार असलेल्या देशांना सवलती मिळतात. कौटिल्याचा सहावा हिस्सा म्हणजे पावणेसतरा टक्क्यांच्या आत. तेव्हा आपण कौटिल्याला कठोर म्हणतो ते जरा जपून म्हणावं.

देशातल्या देशातही कागद काम करतो. बाजारात पाटीतून सुटं सुकट घेतलं तर त्यावर जीएसटी नाही. तेच सुकट पिशवीत सीलबंद करून लेबल लावलं, की जुलै २०२२ पासून पाच टक्के. डबाबंद मासळीवर आधी बारा टक्के होता, तो २२ सप्टेंबर २०२५ पासून पाच झाला. पिशवी आणि लेबल यांना सरकार मासळीहून वेगळी वस्तू मानतं, असा याचा अर्थ.

लेबलाची सर्वांत बोलकी कथा १९९७ ची. भारतातून गेलेल्या सागरी मालात जंतू आढळल्यावर युरोपीय संघानं बंदी घातली आणि फक्त मान्यताप्राप्त कारखान्यांतूनच माल घेण्याचं ठरवलं. बोंबील कुठल्याच कारखान्यात होत नाही. तो वलांडीवर होतो. ब्रिटनमध्ये तेव्हा वर्षाला सुमारे तेरा टन सुका बोंबील खपत असे. समुद्राच्या हिशेबात हा आकडा काहीच नाही, पण तिथल्या भारतीय घरांचं आणि करीच्या शौकिनांचं ताट अडलं. काही इंग्रज खवय्यांनी 'बोंबील वाचवा' अशी मोहीमच काढली. भारतीय उच्चायुक्तालयानं युरोपीय आयोगाशी बोलणी केली. तोडगा काय निघाला? मासा पूर्वीसारखाच उघड्या उन्हात सुकवावा, मात्र त्याचं पॅकिंग मान्यताप्राप्त केंद्रात व्हावं. बर्मिंगहॅमच्या एका घाऊक व्यापाऱ्यानं मुंबईत तसं केंद्र शोधलं आणि बोंबील परत विलायतेला गेला.

स्वच्छतेचा आग्रह मी चुकीचा म्हणणार नाही. दूषित अन्न कुणीच खाऊ नये, मग तो लंडनचा असो की बदलापूरचा. पण खर्च कुठे वाढला आणि कुणाला मिळाला ते पाहा. वलांडी तीच, ऊन तेच, राखण करणारी बाई तीच. भर पडली ती पॅकिंगची, शिक्क्याची, प्रमाणपत्राची. त्या नव्या किमतीतला वाटा तिच्यापर्यंत पोचण्यासाठी त्या तोडग्यात काहीच नव्हतं.

आजची चढण

आता आजचा कल. आपल्या तिन्ही शहरांत सुक्या मासळीचा भाव चढतोय, हे मी आकड्यांशिवायही सांगू शकतो, कारण पिशवी मीच घेऊन जातो. कारणं काय?

पहिलं, बर्फ आणि शीतगृह. पूर्वी जास्त आलेला मासा वाळवण्याशिवाय इलाज नव्हता. आता ताजाच साठवता येतो, गाडीत घालून लांब पाठवता येतो. वाळवण्यासाठी उरणारा मासा घटतो, आणि वर त्या साडेआठ किलोंचा हिशेब आहेच.

दुसरं, लांबची गिऱ्हाइकं. आसामात जागीरोड नावाचं गाव आहे. तिथला सुक्या मासळीचा बाजार देशातल्या सर्वांत मोठ्या बाजारांत गणला जातो, आणि महाराष्ट्र-गुजरातची सुकी मासळी तिथवर पोचते. श्रीलंकेतही सुक्या मासळीला कायमची मागणी आहे. मरोळच्या बाजारातली कोळीण भाव सांगते तेव्हा तिच्या मागे हे सगळे अदृश्य गिऱ्हाइक उभे असतात. शिवाय बारीक मासळीला कोंबडीखाद्याचे आणि मत्स्यचूर्णाचे कारखानेही मागणी करतात. तुमच्या जवळ्याशी कोंबडी स्पर्धा करते आहे, असं समजा.

तिसरं, आभाळ. ऑक्टोबर-नोव्हेंबर २०१९ मध्ये क्यार आणि महा ही दोन चक्रीवादळं अरबी समुद्रात लागोपाठ आली. मे २०२१ मध्ये तौक्ते आलं, नेमकं बेगमीच्या दिवसांत. वलांडीवरचा माल एका रात्रीत भिजला की त्याला मासा म्हणून भाव राहत नाही, खत म्हणून राहतो. ज्या मासळीला मिठाचा कर लागला नाही तिला आता अवकाळी पाऊस लागतो.

चौथं, जागा. सुकवायला मोकळं आवार लागतं आणि किनाऱ्यावर मोकळं आवार आता बांधकामाच्या भावानं मोजलं जातं.

एप्रिल २०२५ मध्ये महाराष्ट्र सरकारनं मत्स्यव्यवसायाला शेतीचा दर्जा दिला. चांगला निर्णय आहे. पण वाळवणारी बाई त्या दर्जात बसते का, भिजलेल्या वलांडीची भरपाई भिजलेल्या पिकासारखी मिळते का, हे आपण विचारत राहिलं पाहिजे. होडी नावावर असते, वलांडी कुणाच्या नावावर असते?

बेगमी

शेवटी माझ्या घरी येतो. २६ जुलै २००५. उल्हास नदी बदलापुरात शिरली. आमच्या इमारतीच्या तळमजल्यावर पाणी, गाड्या बंद, वीज नाही, चार दिवस बाजार नाही. आई तेव्हा थकली होती, पण सवय सुटली नव्हती. माळ्यावर तिचा पत्र्याचा डबा होता. शेजारच्या बांधकामावरच्या मजुरांची दोन कुटुंबं आमच्या जिन्यात आसऱ्याला होती. तांदूळ आमच्याकडे होते, जवळा होता, कांदे होते. चार दिवस चौदा माणसं त्यावर जेवली. एक रुपयासुद्धा कुणी कुणाला मोजला नाही. त्या चार दिवसांत त्या डब्याची किंमत काय होती, हे अजून मला सांगता येत नाही.

मध्यंतरी त्याच मजुरांपैकी एकाची बायको बाजारात भेटली. मी विचारलं, बेगमी केली का? म्हणाली, "सर, आता कुठली? पावशेर आणते, तीही महिन्यातून एकदा." एक जून ते एकतीस जुलै मासेमारी बंद असते, तेव्हा ताजा मासा महाग. पूर्वी त्या दोन महिन्यांत गरिबाच्या घरात डबा असायचा. आता हॉटेलच्या यादीत बोंबील चटणी आहे आणि तिच्या फळीवर डबा नाही.

फ्रायरनं साडेतीनशे वर्षांपूर्वी ज्याला गोरगरिबांचा आधार म्हटलं, ते खाणं आज गरिबाला परवडत नाही, हा आजच्या व्याख्यानाचा निष्कर्ष आहे. मिठाचा कर, सीमा, चलन, परवाना, लेबल, वादळ अशी एकेक गोष्ट भावात शिरत गेली. प्रत्येकीला आपापलं कारण होतं, काही कारणं योग्यही होती. पण प्रत्येक वेळी भार दोन टोकांना गेला: सुकवणाऱ्या बाईवर आणि पावशेर आणणाऱ्या बाईवर. मधल्यांनी आपापला सहावा हिस्सा घेतला.

तेव्हा पुढच्या मे महिन्यात सुकट घ्यायला जाल तेव्हा घासाघीस जरूर करा, तो बाजाराचा धर्म आहे. पण पाटीवाल्या बाईशी करण्याआधी एवढं मनात मोजा, की या भावात तिचं किती आणि बाकीच्यांचं किती. ती पाणी विकत नाही, हे तर तिनं माझ्या आईला तेव्हाच सांगितलं होतं.

पुढच्या व्याख्यानात आपण गुळाकडे वळू. तोवर नमस्कार.